इंग्रजीतला 'ब्रेक' आणि आपलं फुटणं-मोडणं

समजा, मित्राचा मेसेज आला: 'सॉरी, यायला जमणार नाही, आय ॲम ब्रोक.' इंग्रजी नव्याने शिकणारा माणूस हे वाचून काळजीत पडतो. याला काय झालं, कुणी मन दुखावलं का? मित्राचं मन ठिकाणावर असतं, खिसा तेवढा रिकामा असतो. तोच मित्र उद्या 'आय ॲम ब्रोकन' असं लिहील, तर मात्र लगेच फोन करायला हवा, कारण तो आतून खचलेला आहे. दोन्ही शब्द 'ब्रेक'चेच, फरक शेवटच्या एका अक्षराचा.

शब्दकोश उघडला तर 'ब्रेक'समोर पहिला अर्थ 'मोडणे, तोडणे' दिसतो. तो बरोबरच आहे, पण तेवढाच घेऊन वाचायला बसलं की पावलोपावली ठेच लागते. 'डे ब्रोक' म्हणजे दिवस मोडला का? 'शी ब्रोक इन्टू अ स्माइल' म्हणजे ती हसूत मोडली का? 'हिज व्हॉइस ब्रोक' म्हणजे आवाजाचे तुकडे झाले का? मग आपण म्हणतो की इंग्रजीला काही नियमच नाही, हे सगळं पाठ करावं लागणार.

मला हे पटत नाही. शंभर वाक्प्रचार वेगवेगळे पाठ करणं हा फार कष्टाचा आणि लवकर विसरला जाणारा रस्ता आहे. आणि मराठी बोलणाऱ्याला त्या रस्त्याने जायची गरजच नाही. 'ब्रेक'ची किल्ली आपल्याकडे आधीपासून आहे. ती 'मोडणे'त थोडी आहे, 'तुटणे'त थोडी आहे आणि 'फुटणे'त भरपूर आहे.

वरची तीन वाक्यं पुन्हा वाचा. 'डे ब्रोक': तांबडं फुटलं. 'शी ब्रोक इन्टू अ स्माइल': तिला हसू फुटलं. 'हिज व्हॉइस ब्रोक': वयात येणाऱ्या मुलाबद्दल बोलणं चालू असेल तर त्याचा आवाज फुटला. 'ब्रेक आउट इन अ स्वेट' म्हणजे घाम फुटणं. 'वेव्ह्ज ब्रेक' म्हणजे लाटा फुटतात. कुणाचंच काही बिघडलं नाही, नुकसान झालं नाही. काहीतरी बंद होतं किंवा दाबून धरलेलं होतं, त्याचा बांध सुटला आणि आतलं बाहेर आलं. अंकुर फुटतो, पालवी फुटते, वाचा फुटते, तेव्हा आपण जे पाहतो तेच इंग्रजी माणूस 'ब्रेक'मध्ये पाहतो.

म्हणून 'ब्रेक' दिसला की मी स्वतःला दोन प्रश्न विचारतो. इथे अखंड, सलग किंवा बंद असं काय होतं? आणि ते खंडित झाल्यावर पुढे काय आलं: तुकडे, फट, की आतून काही बाहेर? या दोन प्रश्नांनी बहुतेक वाक्प्रचार उलगडतात. उरलेले मात्र इतिहासातून उलगडतात, आणि त्यांची गंमत वेगळी आहे.

थोडं शब्दाच्या मुळाबद्दल. 'ब्रेक' जुन्या इंग्रजीतल्या 'ब्रेकन' या क्रियापदातून आला. जर्मन भाषेत आजही 'ब्रेखेन' म्हणजे मोडणे. याच्याच प्राचीन मुळातून लॅटिन भाषेत एक वेगळी फांदी फुटली, आणि तिथून इंग्रजीत 'फ्रॅक्चर', 'फ्रॅजाइल' आणि गणितातला 'फ्रॅक्शन' हे शब्द आले. अपूर्णांक म्हणजे पूर्णाचा मोडलेला भाग. 'ब्रेक' आणि 'फ्रॅक्शन' हे इतके वेगळे दिसणारे शब्द असे चुलत भाऊ निघतात.

सलग चाललेलं थांबतं तेव्हा

'ब्रेकफस्ट' हा शब्द रोज वापरूनही त्याची फोड सहसा कुणी करत नाही. 'फास्ट' म्हणजे उपवास. रात्रभराचा उपवास सकाळी सुटतो, म्हणून ब्रेकफस्ट. हा शब्द 15 व्या शतकापासून इंग्रजीत आहे आणि बोलता बोलता त्यातल्या 'फास्ट'चा 'फस्ट' झाला. त्याहून नवल 'डिनर'चं. हा शब्द जुन्या फ्रेंचमधून आला आणि त्याचं लॅटिन मूळही 'उपवास सोडणे' असंच आहे. म्हणजे सकाळचं खाणं आणि रात्रीचं जेवण या दोन्हींच्या इंग्रजी नावांचा मूळ अर्थ एकच. जेवणाची वेळ शतकानुशतकं पुढे सरकत गेली, नाव तेच राहिलं.

'टी ब्रेक', 'लंच ब्रेक' आपल्या बोलण्यात इतके मुरले आहेत की समजावायची गरज नाही. सलग चाललेल्या कामात पडलेली फट, एवढाच त्याचा अर्थ. 'ब्रेक द सायलेन्स' म्हणजे शांतता भंग करणं किंवा मौन सोडणं. 'ब्रेक अ हॅबिट' म्हणजे सवय मोडणं. 'द फीव्हर ब्रोक' म्हणजे ताप उतरला. इथे मात्र आपण मोडत नाही, फोडतही नाही, उतरवतो. पण विचार तोच: सलग चढलेला ताप अखेर खंडित झाला.

'गिव्ह मी अ ब्रेक' मात्र सांभाळून घ्यायला हवं. थकलेला माणूस शांतपणे म्हणाला तर 'मला जरा उसंत द्या'. नवोदित कलाकार म्हणाला तर 'मला एक संधी द्या'. आणि एखाद्याची अवास्तव बढाई ऐकून कुणी वैतागून म्हणाला तर 'पुरे कर, काहीही सांगू नकोस!' शब्द तेच, सूर वेगळा. हे कागदावर कळत नाही, ऐकूनच कळतं. चित्रपट किंवा मालिका पाहताना बोलणाऱ्याच्या चेहऱ्याकडे लक्ष दिलं तर चार-पाच वेळा ऐकल्यावर कान तयार होतो.

'ब्रेक डान्स'मधला 'ब्रेक' हाडं मोडण्याचा आहे, असं मला कितीतरी वर्षं वाटायचं. नाच पाहून तसं वाटणं साहजिकही आहे. खरी गोष्ट संगीतातली आहे. गाण्यात मध्येच गायन आणि इतर वाद्यं थांबतात आणि काही क्षण नुसता ताल वाजतो. त्या तुकड्याला वादकांच्या भाषेत 'ब्रेक' म्हणतात. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात कूल हर्क या डीजेच्या लक्षात आलं की लोक नेमके त्याच तुकड्यावर बेभान होऊन नाचतात. त्याने एकाच गाण्याच्या दोन तबकड्या शेजारी-शेजारी ठेवून तो तुकडा आलटून-पालटून लांबवायला सुरुवात केली. 11 ऑगस्ट 1973 रोजी त्याने केलेली पार्टी हिप-हॉपचा जन्मदिवस मानली जाते. त्या 'ब्रेक'वर नाचणारी मुलं 'बी-बॉय' म्हणजे 'ब्रेक-बॉय' झाली आणि त्यांचा नाच 'ब्रेकिंग'. 2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये तो याच 'ब्रेकिंग' या नावाने खेळ म्हणून आला.

तबकडीचा विषय निघालाच आहे तर आणखी एक जोडी पाहू. 'ब्रेक अ रेकॉर्ड' म्हणजे विक्रम मोडणं. पण 'लाइक अ ब्रोकन रेकॉर्ड' म्हणजे 'मोडलेल्या विक्रमासारखा' असं नव्हे. इथे 'रेकॉर्ड' म्हणजे ग्रामोफोनची तबकडी. तिच्यावर चरा पडला की सुई त्याच खाचेत अडकते आणि तीच ओळ पुन्हा पुन्हा वाजत राहते. तेच ते तुणतुणं वाजवणाऱ्या माणसाला हे म्हणतात. ग्रामोफोन घराघरांतून गेला, वाक्प्रचार मात्र राहिला. ज्यांनी तबकडी कधी पाहिली नाही तीही मुलं तो आज बिनदिक्कत वापरतात.

पैशांचा 'ब्रेक'

आता सुरुवातीच्या 'ब्रोक'कडे वळू. पूर्वी 'ब्रोक' हे 'ब्रोकन'चंच आखूड रूप होतं आणि दोन्ही एकाच अर्थाने चालत. त्या काळी व्यापारी बुडाला की तो 'ब्रेक' झाला असं म्हणत. पुढे प्रमाण इंग्रजीने 'ब्रोकन' मोडलेल्या वस्तूंसाठी ठेवलं आणि 'ब्रोक' बोलीभाषेत कफल्लक माणसासाठी उरलं. 'फ्लॅट ब्रोक', 'स्टोन ब्रोक' म्हणजे पुरता ठणठणपाळ.

'बँकरप्ट' या शब्दातही हेच मोडणं लपलेलं आहे. इटलीत पैशांची देवघेव करणारे लोक बाक मांडून बसत. त्या बाकाला इटालियनमध्ये 'बांका' म्हणत, आणि 'बँक' हा शब्द त्यातूनच आला. 'बांका रोत्ता' म्हणजे मोडलेलं बाक. ते 16 व्या शतकात इंग्रजीत येऊन 'बँकरप्ट' झालं. आपल्याकडे दिवाळं निघतं, त्यांच्याकडे बाक मोडतं.

मग 'ब्रेक द बँक' म्हणजे बँक फोडणं, दरोडा घालणं असावं, असं वाटतं. तसं नाही. जुगाराच्या टेबलावर जिंकणाऱ्यांना देण्यासाठी जी रक्कम ठेवलेली असते तिला 'बँक' म्हणत. एखादा खेळाडू इतकं जिंकला की ती रक्कम संपली, तर त्याने 'बँक ब्रेक' केली. 1891 साली चार्ल्स वेल्स नावाच्या इंग्रज माणसाने मॉन्टे कार्लोच्या कॅसिनोत हे अनेकदा करून दाखवलं आणि त्याची एवढी चर्चा झाली की त्यावर गाणंही निघालं. आज मात्र हा वाक्प्रचार जिंकण्यासाठी फारसा वापरत नाहीत, खर्चासाठी वापरतात. 'इट वोन्ट ब्रेक द बँक' म्हणजे 'यात काही दिवाळं निघणार नाही, परवडेल'. जाहिरातींत तो हमखास असतो.

'ब्रेक ईव्हन' म्हणजे ना नफा ना तोटा, खर्च आणि कमाई बरोबरीत सुटणं. आणि 'कॅन यू ब्रेक अ हंड्रेड?' हे तर मराठी माणसाला भाषांतर न करता समजावं. शंभराची नोट मोडून मिळेल का? आपण सुट्या पैशांना 'मोड' म्हणतो. मोठं मोडून लहान करायचं, ही कल्पना दोन्ही भाषांत आपापली उगवली आहे. अशी जागा सापडली की मला मनापासून आनंद होतो.

'गो फॉर ब्रोक' हा याच घरातला सगळ्यात धाडसी वाक्प्रचार. हवाई बेटांवर फासे खेळणारे जुगारी शेवटची सगळी रक्कम एका डावावर लावताना असं म्हणत: मिळालं तर सगळं, नाहीतर कफल्लक. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या 442 व्या रेजिमेंटल कॉम्बॅट टीमने तो आपलं घोषवाक्य म्हणून घेतला. या तुकडीतले सैनिक जपानी वंशाचे अमेरिकी नागरिक होते. त्यांच्यापैकी कित्येकांची कुटुंबं त्याच वेळी अमेरिकेने नजरकैदेच्या छावण्यांत ठेवली होती. अशा माणसांनी सर्वस्व पणाला लावायची भाषा केली, तेव्हा जुगारातल्या शब्दांना वेगळंच वजन आलं. आज कुणी 'लेट्स गो फॉर ब्रोक' म्हणतो तेव्हा पैशांचा संबंध असेलच असं नाही. 'आर या पार' हा त्याचा भाव.

एक अपवाद आवर्जून सांगतो. 'इफ इट ए'न्ट ब्रोक, डोन्ट फिक्स इट' या वाक्यातला 'ब्रोक' कफल्लक नाही. तो बोलीतला 'ब्रोकन' आहे: बिघडलं नसेल तर दुरुस्त करायला जाऊ नका. अमेरिकेचे अध्यक्ष जिमी कार्टर यांच्या सरकारात अर्थसंकल्पाचं काम पाहणाऱ्या बर्ट लान्स यांच्यामुळे 1977 मध्ये हे वाक्य सर्वतोमुखी झालं. व्याकरण मुद्दाम गावरान ठेवलेलं आहे, म्हणून ते लक्षात राहतं. परीक्षेच्या पेपरात मात्र तसं लिहू नये.

बंद असलेलं उघडतं तेव्हा

'ब्रेक द आइस' ऐकून आज ओळख नसलेल्या चार माणसांत झालेली पहिली मोकळी बातचीत डोळ्यांसमोर येते. मूळ चित्र नदीचं आहे. पाणी गोठलं की बोटी अडकतात. पुढे एक जण बर्फ फोडत जातो आणि मागच्यांना वाट मिळते. म्हणून आरंभी या वाक्प्रचाराचा रोख 'इतरांसाठी वाट करून देणं' असा होता. अवघडलेपण घालवणं हा अर्थ पुढे रुळला. आपण 'कोंडी फोडणे' म्हणतो ते याच्या बरंच जवळचं आहे, फक्त आपली कोंडी जरा गंभीर असते, वाटाघाटींतली किंवा राजकारणातली.

'ब्रेकथ्रू'ही असाच. शत्रूची फळी फोडून पलीकडे जाणं हा त्याचा लष्करी अर्थ. आता तो संशोधनात जास्त भेटतो: वर्षानुवर्षं अडलेल्या प्रश्नात अचानक वाट सापडली की 'ब्रेकथ्रू'. 'ब्रेक अ कोड' म्हणजे सांकेतिक लिपी फोडणं. 'ब्रेक आउट' म्हणजे तुरुंग फोडून पळणं, साथ उद्भवणं, आग भडकणं किंवा चेहऱ्यावर पुटकुळ्या उठणं. हे चारही अर्थ एकमेकांपासून लांबचे वाटतात, पण प्रत्येकात आत कोंडलेलं काहीतरी बाहेर आलं आहे.

'ब्रेक इन'ला दोन तोंडं आहेत. चोर 'ब्रेक इन' करतो ती घरफोडी. पण 'आय ॲम ब्रेकिंग इन माय न्यू शूज' म्हणणारा चोर नाही. नवे बूट पायाला चावतात, थोडे दिवस वापरून तो ते सैल करतो आहे. हा अर्थ घोड्यांकडून आला. रानटी घोड्याला माणसाळवून स्वार घ्यायला शिकवणं म्हणजे त्याला 'ब्रेक' करणं. त्याचा हट्ट मोडायचा, पाय नव्हे. नव्या माणसाला कामात मुरवतानाही हेच शब्द वापरतात.

बातमीच्या बाबतीत थोडं थांबायला हवं, कारण इथे आपली किल्ली कुलपात अडकते. मराठीत 'बातमी फुटली' म्हटलं की गुपित बाहेर आलं, कुणीतरी फितूर झालं, असा वास येतो. इंग्रजीत 'द न्यूज ब्रोक' एवढंच सांगतं की बातमी पहिल्यांदा लोकांसमोर आली. त्यात चोरी नाही. चोरून बाहेर आलेल्या गोष्टीसाठी इंग्रजीत 'लीक' आहे. म्हणून 'पेपर फुटला' हे इंग्रजीत सांगताना 'द पेपर ब्रोक' म्हटलं तर ऐकणारा गोंधळेल. 'द पेपर लीक्ड' म्हणायचं. आणि 'ब्रेक द न्यूज टू समवन' याचा अर्थ आणखी वेगळा: एखाद्याला वाईट बातमी, शक्यतो हळुवारपणे, सांगणं. 'हू विल ब्रेक इट टू हर?' हा प्रश्न घरात कुणी विचारला तर तो भीतीने आणि मायेने विचारलेला असतो. तिथे टीव्हीवरची 'ब्रेकिंग न्यूज' आठवू नये.

समाजमाध्यमांवरचं 'ब्रेक द इंटरनेट' या कुटुंबातलं अलीकडचं लेकरू. एखादा फोटो किंवा व्हिडिओ इतका पसरतो की जणू इंटरनेटचीच यंत्रणा कोलमडेल. एका अमेरिकी मासिकाने 2014 मध्ये किम कार्दाशियनच्या मुखपृष्ठावर हेच शब्द छापले आणि ते जगभर गेले. यात काही मोडावं अशी अपेक्षा नसते, ती कौतुकाची भाषा आहे.

'अप' आणि 'डाउन'

'ब्रेक' कळला तरी त्याच्या शेपटाला लागलेले छोटे शब्द त्रास देतात. सगळ्यांची यादी करण्यात अर्थ नाही, पण दोघांना वगळता येणार नाही.

'ब्रेकअप' हा आता मराठी शब्दच झाला आहे. 'त्यांचं ब्रेकअप झालं' हे सांगायला भाषांतर लागत नाही. पण इंग्रजीत प्रेम नसतानाही 'ब्रेक अप' होतं. जमाव 'ब्रेक अप' होतो म्हणजे पांगतो. भांडण 'ब्रेक अप' करतात म्हणजे सोडवतात. ब्रिटिश शाळा शुक्रवारी 'ब्रेक अप' होते म्हणजे सुट्टी लागते. फोनवर 'यू आर ब्रेकिंग अप' म्हणजे तुझा आवाज तुटतोय. या सगळ्यांत एकत्र असलेले भाग सुटे होताना दिसतात, माणसं असोत की आवाजाचे तुकडे. या शेवटच्या वाक्याने एका शिकणाऱ्याला धस्स झालेलं मला माहीत आहे. परदेशातला वरिष्ठ फोनवर असं म्हणाला आणि त्याला वाटलं, आपली खाजगी गोष्ट यांना कशी कळली?

'ब्रेक डाउन'मध्ये उभं असलेलं खाली येतं. गाडी बंद पडते, बोलणी फिसकटतात, माणूस ढसाढसा रडतो किंवा मनाने कोलमडतो. पण कार्यालयात कुणी 'गिव्ह मी द ब्रेकडाउन' म्हटलं तर घाबरू नका. त्याला खर्चाची फोड हवी आहे. 'ब्रेक इट डाउन फॉर मी' म्हणजे फोड करून सांग. आपण शब्दाची फोड करतो, संधीची फोड करतो, हिशेबाची फोड करतो. सगळीकडे मोठ्या गोष्टीचे समजतील एवढे तुकडे करतो. हे साम्य लक्षात राहिलं की 'ब्रेकडाउन'चा हा अर्थ पुन्हा विसरत नाही.

जिथे मराठी फसवते

आतापर्यंत मी आपल्या क्रियापदांचा आधार घ्या म्हणतो आहे, तेव्हा ती कुठे दगा देतात हेही सांगितलं पाहिजे. ही ठिकाणं मोजकी आहेत, पण चांगलं इंग्रजी येणारेही तिथे चुकतात.

'शब्द मोडणे'. मराठीत 'त्याने आईचा शब्द कधी मोडला नाही' म्हणजे आईची आज्ञा नेहमी पाळली. शब्द दुसऱ्याचा. इंग्रजीत 'ही नेव्हर ब्रोक हिज वर्ड' म्हणजे त्याने स्वतः दिलेलं वचन पाळलं. शब्द स्वतःचा. आईचं वाक्य जसंच्या तसं इंग्रजीत नेलं तर माणसंच बदलतात.

'मन मोडणे'. 'तिचं मन मोडवेना म्हणून मी हो म्हणालो' यात एक साधा आग्रह आहे. नाही म्हणणं जड गेलं, इतकंच. याचं 'आय कुडन्ट ब्रेक हर हार्ट' केलं तर प्रकरण एकदम प्रेमभंगाच्या पातळीवर जातं. त्यासाठी 'आय कुडन्ट से नो टू हर' हे साधं वाक्य पुरतं.

'मान मोडून काम करणे' म्हणजे कष्ट. 'ब्रेकनेक स्पीड' म्हणजे जीवघेणा वेग. मान दोन्हीकडे आहे, पण आपली मान कामावर वाकलेली आहे आणि त्यांची मान अपघातात मोडायच्या बेतात आहे. कंबरेचं थोडं वेगळं. 'बॅक-ब्रेकिंग वर्क' म्हणजे कंबरडं मोडणारं काम, इथपर्यंत दोन्ही भाषा हातात हात घालून येतात. मग ब्रिटिश माणूस म्हणतो, 'वी हॅव ब्रोकन द बॅक ऑफ द जॉब', आणि आपण बुचकळ्यात पडतो. त्याने कामाचंच कंबरडं मोडलेलं असतं. अवघड भाग उरकला, आता उरलेलं सोपं आहे, असं तो समाधानाने सांगत असतो.

आणि 'ब्रोकन होम'. पडकं घर नव्हे, आईवडील विभक्त झालेलं कुटुंब. हा शब्द बोचरा आहे आणि इंग्रजीतही हल्ली जपून वापरतात. कुणाच्या तोंडावर तर वापरूच नये.

फसवणारं आणखी एक ठिकाण देवनागरीने तयार केलेलं आहे. गाडीचा 'ब्रेक' हा शब्दच वेगळा. उच्चार तंतोतंत तोच, पण मोडण्याच्या 'ब्रेक'चं स्पेलिंग बी-आर-ई-ए-के आणि गाडीच्या 'ब्रेक'चं बी-आर-ए-के-ई. आपण दोन्ही 'ब्रेक' असेच लिहितो, त्यामुळे ते एकच वाटतात. मराठीत 'कामाला ब्रेक लागला' म्हणजे गाडीचा ब्रेक, काम थांबलं. 'कामातून ब्रेक घेतला' म्हणजे दुसरा ब्रेक, विश्रांती. इंग्रजीत लिहिताना या दोघांची अदलाबदल फार होते, अगदी इंग्रजी मातृभाषा असलेल्यांकडूनही.

खेळ आणि नशीब

खेळांत 'ब्रेक' प्रत्येक ठिकाणी नवा वेष घेतो. क्रिकेटमधला 'लेग ब्रेक' किंवा 'ऑफ ब्रेक' म्हणजे टप्पा पडल्यावर चेंडूची सरळ रेषा मोडणं. टेनिसमध्ये समोरच्याची सर्व्हिस असताना गेम जिंकणं म्हणजे 'ब्रेक', कारण सर्व्हिस करणाऱ्याचं वर्चस्व मोडलं. बरोबरीची कोंडी फोडतो तो 'टाय-ब्रेक'. ग्रँड स्लॅम स्पर्धांत तो सर्वात आधी 1970 च्या यूएस ओपनमध्ये आला. स्नूकरमध्ये मात्र सगळं उलट दिसतं. तिथे एका पाळीत न थांबता मिळवलेल्या गुणांना 'ब्रेक' म्हणतात, आणि नेहमीच्या हिशेबाने सर्वात मोठा ब्रेक 147 चा. पंधरा लाल चेंडू, प्रत्येकानंतर काळा, मग सगळे रंगीत. जो शब्द सगळीकडे खंड दाखवतो तोच इथे सलगपणा मोजतो. माझे दोन प्रश्न इथे चालत नाहीत, हे मी मान्य करतो.

'लकी ब्रेक', 'बिग ब्रेक' म्हणजे नशिबाने मिळालेली संधी. बंद दिसणाऱ्या भिंतीत अचानक फट दिसली, असं चित्र डोळ्यांपुढे ठेवलं तर पुरे. 'टफ ब्रेक' म्हणजे नशिबाने दिलेला दगा, आणि 'दॅट्स द ब्रेक्स' म्हणजे असतात नशिबाचे खेळ, चालायचंच.

नशिबाचा विषय 'ब्रेक अ लेग'शिवाय पुरा होत नाही. रंगमंचावर जाणाऱ्या नटाला 'तुझा पाय मोडो' म्हणायचं आणि त्याने आनंदाने 'थँक यू' म्हणायचं. याची एक उत्पत्ती सगळीकडे सांगतात: अब्राहम लिंकन यांचा मारेकरी जॉन विल्क्स बूथ हा नट होता, 1865 मध्ये गोळी झाडून तो रंगमंचावर उडी मारून उतरला आणि त्याचा पाय मोडला, तेव्हापासून हा वाक्प्रचार पडला. गोष्ट रंगतदार आहे, पण ती टिकत नाही. शुभेच्छा म्हणून हे शब्द छापील इंग्रजीत विसाव्या शतकात दिसू लागतात. बूथच्या उडीतून ते आले असते तर मधली पाच-सहा दशकं ते कुठे होते? शिवाय खुनी माणसाच्या आठवणीने नटांनी एकमेकांना शुभेच्छा का द्याव्यात?

अधिक पटणारा धागा जर्मन भाषेतला आहे. तिथे शुभेच्छा देताना 'हाल्स उंट बाइनब्रुख' म्हणतात, म्हणजे 'मान आणि पाय मोडो'. आणि तो वाक्प्रचार 'यश आणि आशीर्वाद' अशा अर्थाच्या यिद्दिश शब्दांचा कानाने केलेला विपर्यास असावा, असा एक अंदाज आहे. यिद्दिश ही युरोपातल्या ज्यूंची, हिब्रू शब्दांनी समृद्ध अशी भाषा. अंदाज खरा असेल तर एका भाषेतला आशीर्वाद दुसरीत शाप झाला आणि तिसरीत पुन्हा शुभेच्छा म्हणून पोचला. यामागची समजूत मात्र सगळ्या नाटकवाल्यांच्या ओळखीची आहे: चांगलं उघड बोललं तर दृष्ट लागते, म्हणून उलटं बोलावं.

मराठीलाही ही भीती ठाऊक आहे, पण ती दुसऱ्या वाटेने जाते. निघताना आपण 'जातो' म्हणत नाही, 'येतो' म्हणतो. बांगडी फुटली तर 'फुटली' हा शब्द तोंडातून निघू न देता 'बांगडी वाढवली' म्हणतात. इंग्रजी नट अभद्र टळावं म्हणून मुद्दाम मोडण्याचं नाव घेतो. आपण त्याच कारणासाठी खरोखर फुटलेल्या वस्तूलाही फुटली म्हणत नाही.